हर्सूलच्या माळावरच्या कबरी

निघायच्या आदल्या संध्याकाळी फोन आला. पुरुषाचा आवाज, मवाळ, जवळजवळ काळजीचा.

"थळकर मॅडम का? उद्या औरंगाबादला येऊन राहिल्या म्हणे. नका येऊ. ऊन लई हाय, पाणी नाय. तुम्हाला त्रास होईल."

कोण बोलतंय, असं मी विचारलं, तर फोन बंद झाला. गॅसवर भेंडी होती. ती करपेपर्यंत मी तशीच उभी होते. भाऊ म्हणाला, "जाऊ नकोस. दगडच बघायचेत ना? फोटो आलेत त्यांचे." त्याचं बरोबर होतं. तरी सकाळी ठाण्याच्या फलाटावर मी बॅग घेऊन उभी राहिले, आणि गाडी येईपर्यंत प्रत्येक माणसाकडे बघत राहिले, की फोनवरचा तो हाच तर नसेल.

मी मुळात भित्री बाई आहे. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे शेकडो वर्षं कोकणात राहिलेले मराठी ज्यू. शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवायचो म्हणून गावं आम्हाला शनवार तेली म्हणायची. आई सांगायची, आपण थोडे आहोत, हळू बोलावं. मी मात्र असा विषय घेतला की ज्यात लोक हळू बोलतच नाहीत. आमच्या समाजाचं राजकारण. सिनेगॉगचा (आमच्या प्रार्थनामंदिराचा) मुकादम कोणी व्हायचं, विश्वस्त कसे निवडायचे, बायकांना मत द्यायचं की नाही, यावरून झालेली भांडणं, फाटाफुटी, सभा. माझे मार्गदर्शक पहिल्याच भेटीत हसले होते. "एवढ्याशा लोकांचं कसलं आलंय राजकारण?" म्हणाले. मी म्हटलं, "सर, माणसं कमी असली की राजकारण जास्त असतं." त्या एका वाक्यावर मी सगळी नोकरी काढली. व्याख्यानं दिली, जाडजूड लेख लिहिले. लिहिताना नेहमी 'हा समाज' असंच लिहिलं. अभ्यासकाने असंच लिहायचं असतं.

औरंगाबादचं बोलावणं अशाच एका व्याख्यानातून आलं. शिक्षकांच्या प्रशिक्षणात मी अल्पसंख्य समाजांवर बोलले होते. तिथे सुनीता खरात नावाच्या हर्सूलच्या शिक्षिका होत्या. काही महिन्यांनी त्यांचा फोन आला. त्यांच्या वस्तीमागच्या माळावर बोअर घ्यायचं ठरलं होतं. जेसीबीने झुडपं काढली तेव्हा खाली तीन दगड निघाले. त्यावर वेगळीच अक्षरं होती. "तुम्ही त्या दिवशी फळ्यावर लिहिली होती ना, तशीच दिसतात," त्या म्हणाल्या. त्यांनी पाठवलेला फोटो मी मोठा करून बघितला. वरची ओळ हिब्रू होती. खाली जुन्या वळणाची मराठी.

मनमाडपर्यंत डब्यात गप्पा होत्या. मनमाड सुटलं आणि खिडकीबाहेरचा रंग गेला. रोटेगाव, लासूर. शेतं होती, पण त्यांत काही नव्हतं. ढेकळं, कपाशीच्या वाळलेल्या पऱ्हाट्या, एखाद्या बाभळीखाली दाटीने उभी असलेली गुरं. समोर एक म्हातारे गृहस्थ बसले होते. त्यांच्या पायाशी पाण्याचे दोन कॅन होते आणि दोन्हींवर त्यांनी पाय ठेवले होते.

"लेकीकडं चाललो," ते म्हणाले. "तिच्याकडं आठ-आठ दिवस नळ येत नाय. मिठाई नेली तर म्हणती, बाबा, पाणी आणायचं."

तुम्ही कशासाठी, असं त्यांनी विचारलं. मी "कामासाठी" म्हटलं आणि खिडकीकडे वळले.

स्टेशनवर उतरले. तेव्हा पाटीवर अजून औरंगाबादच होतं. फलाटावरच्या नळाला बायकांची रांग होती. त्या आसपासच्या वस्त्यांतून गाडीने येतात, हंडे भरतात आणि पुढच्या गाडीने परत जातात, असं हमालाने सांगितलं. बाहेर रिक्षावाल्याने माझी बॅग उचलली. "औरंगपुरा? बैठो मॅडम. गर्दी बहोत है, आतून घेतो." त्याच्या बोलण्यात मराठी आणि दख्खनी उर्दू अशा मिसळलेल्या होत्या की कुठली कुठे संपते ते कळत नव्हतं. रस्ताभर नव्या इमारती दिसत होत्या. हिरव्या जाळ्या लावलेले सांगाडे आणि त्यांच्या पायथ्याशी टँकर. मी म्हटलं, पाणी नाही आणि बांधकामं चालू आहेत? तो म्हणाला, "शहर को प्यास नहीं लगती मॅडम. माणसाला लागते."

औरंगपुऱ्यातल्या लॉजवर दिवसाला दोन बादल्या, असा नियम भिंतीवर लिहिला होता. नोंद करताना मी नुसतं 'एम. थळकर' लिहिलं. काउंटरवरचा माणूस म्हणाला, "कोकणातल्या का?" मी हो म्हटलं. ते खरंच होतं. तरी जिना चढताना खोटं बोलल्यासारखं वाटलं.

खाली गल्लीत नान-खलियाचा (मसालेदार रश्शातलं मटण आणि तंदुरी नान) वास सुटला होता. आमच्या रीतीने न कापलेलं मटण आम्ही खात नाही. एका खानावळीत ज्वारीची भाकरी, पिठलं आणि शेंगदाण्याचा ठेचा मिळाला. वाढणाऱ्या बाईंनी पाण्याचा पेला अर्धाच भरला आणि म्हणाल्या, "लागलं तर मागा, टाकू नका." मी शेवटचा घास घेत होते तेवढ्यात फोन वाजला. तोच नंबर.

"औरंगपुऱ्यात उतरल्या ना? मी सांगितलं होतं मॅडम. उद्या हर्सूलला नका जाऊ. तिथली माणसं पाण्यावाचून पिसाळल्यासारखी झालीत. काही झालं तर कोण जबाबदार?"

मी पेला खाली ठेवला. हा माणूस मला बघत होता. रस्त्यावर शेकडो माणसं होती. कापडाची दुकानं, चष्म्यांची, पुस्तकांची. दुचाक्यांचे हॉर्न वाजत होते. त्यातलं कोणीही फोन कानाला लावून उभं असेल. मी पदर डोक्यावरून घेतला आणि लॉजवर गेले. दाराला आतून खुर्ची लावली. ठाण्याला परतीची गाडी सकाळी आहे, हे मी तीनदा बघितलं.

सकाळी सुनीताबाई स्कूटरवरून न्यायला आल्या. चाळिशीच्या, उंच, केस घट्ट बांधलेले. मी फोनचं सांगितलं. त्यांनी स्कूटर बंद केली.

"तुम्ही येणार हे मी दोन-तीन जणांनाच सांगितलंय," त्या म्हणाल्या. "परत जायचं असलं तर स्टेशनवर सोडते. मी राग धरणार नाही."

मी त्यांच्या मागे बसले. का बसले ते मला आजही नीट सांगता येत नाही.

हर्सूलच्या तुरुंगाची लांब भिंत गेली आणि तलाव आला. म्हणजे तलावाची जागा आली. कोरडी, भेगाळलेली, मधे गाळ उपसणारी दोन यंत्रं आणि डंपर. काठाने एक वाट थेट तळात उतरली होती आणि तिच्यावरून लोक मोटारसायकली नेत होते. सुनीताबाईंचं घर त्याच्या पुढच्या वस्तीत. दाराशी निळे पिंप होते, साखळीने बांधलेले आणि कुलूप लावलेले. घरात बाबासाहेबांची आणि बुद्धाची तसबीर. चहा अर्धा कप आला. मी तो थेंब न ठेवता प्यायले.

"तुमच्या वस्तीला पाणी हवंय," मी म्हटलं. "तुम्ही मला कशाला बोलावलंत? दगड बाजूला केले असते तर कोणाला कळलं असतं?"

"मला कळलं असतं," त्या म्हणाल्या. "माझ्या आजोबांच्या गावात आमची माणसं पुरायची जागा ओढ्याकाठी होती. तिथं आता रस्ता झाला. आम्हाला कोणी विचारलं नाही. म्हणून म्हटलं, आपण तरी कोणाला तरी विचारू."

माळ घरापासून जवळच होता. एका बाजूला प्लॉटिंगचे चुन्याचे पट्टे, दुसऱ्या बाजूला नवी कॉलनी. मधल्या तुकड्यावर तीन दगड आडवे. मी गुडघ्यावर बसले, पाण्याऐवजी रुमालाने माती पुसली. रूबेन हसाजी, ओव्हरसियर. नळाचे कामावर असतां तापाने वारला. शेजारी त्याची बायको सारा. तिसरा दगड हातभर लांबीचा होता, त्यावर नुसतं 'बाळ'. आमच्यातले बरेच जण निजामाच्या आणि इंग्रजांच्या चाकरीत असे लांब लांब गेले होते, हे मी लिहिलं होतं. पण त्या वाक्यात एकाही माणसाचं नाव नव्हतं.

तेवढ्यात रिगचा आवाज आला. बोअरची गाडी माळावर चढत होती आणि तिच्यामागे सगळी वस्ती. बायका, म्हातारे, शाळेची सुट्टी असल्यासारखी पोरं. सगळ्यांच्या हातात काही ना काही भांडं. अजून जमिनीला भोक पडलं नव्हतं, तरी भांडी आणली होती. पाणाड्याने (जमिनीखालचं पाणी सांगणाऱ्याने) नारळ हातावर ठेवून जागा दाखवली होती. ती सारा आणि रूबेन यांच्या मधोमध होती.

माणसांनी आमच्याभोवती कडं केलं. मी गुडघ्यांवरच होते.

"ह्याच का त्या मॅडम?" एक तरुण म्हणाला. त्याने डोक्याला उपरणं गुंडाळलं होतं. "कामून आडव्या येऊन राहिल्या? आमची लेकरं आंघोळ करत नायत आणि तुम्हाला दगडाची पडली?"

सुनीताबाई म्हणाल्या, "त्यांचं ऐकून तर घ्या."

"ऐकायचं काय? मेलेली माणसं. किती जुनी. कोणाची हायत ते तरी कोणाला ठाऊक हाय का?"

मग शांताबाई नावाच्या एक म्हाताऱ्या बाई पुढे आल्या. लोक त्यांना वाट देत होते. त्या माझ्यासमोर उकिडव्या बसल्या आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या.

"बाई," त्यांनी विचारलं, "हे तुमचे कोण लागतात?"

उत्तर तोंडपाठ होतं. बेने इस्राएल समाज, त्याचं स्थलांतर, त्याच्या दफनाच्या रीती. पण समोर तहानलेली माणसं होती आणि हातात पहारी घेतलेली दोघं. पाठीमागे कुठेतरी फोनवरचा तो आवाज असणार, हेही डोक्यात होतं. 'कोणी नाही, मी फक्त अभ्यास करते' म्हटलं असतं तर मला सुखरूप जाऊ दिलं असतं.

"आमचे," मी म्हटलं. आवाज इतका बारीक निघाला की शांताबाईंनी कान पुढे केला. "आमचे आहेत. आम्ही ज्यू. आम्ही माणूस एकदा मातीत ठेवला की हलवत नाही."

गर्दीत कुजबुज झाली. ज्यू म्हणजे काय, असं कोणीतरी विचारलं आणि कोणीतरी काहीतरी चुकीचं सांगितलं. शांताबाई उठल्या.

"काय काम करायचा ह्यो?"

"पाण्याच्या नळाचं," मी म्हटलं.

त्या रिगवाल्याकडे वळल्या. "पंधरा पावलं तिकडं घे. कडुलिंबाच्या अंगाला."

तो कुरकुरला, पण घेतलं. यंत्र सुरू झालं. कानठळ्या बसत होत्या. भोकातून पांढरा फुफाटा उडत होता, लोकांच्या केसांवर, भांड्यांत, त्या तीन दगडांवर. सळई उतरत गेली, दुसरी जोडली, तिसरी जोडली. बायका भांडी पुढे धरून उभ्याच होत्या. मी आयुष्यात इतकी मनापासून प्रार्थना केली नव्हती. पाणी लागू दे. नाही लागलं तर हे लोक कोणाकडे बघतील, ते मला माहीत होतं.

पाणी लागलं नाही. शेवटपर्यंत धूळच आली. रिगवाल्याने यंत्र बंद केलं आणि त्या शांततेत सगळे माझ्याकडे बघू लागले.

"तिथंच बोअर मारायला पाहिजे होतं," कोणीतरी म्हणालं.

उपरणंवाला तरुण ओरडला नाही. तो अगदी साधेपणाने म्हणाला, "जाऊ द्या. मॅडम गेल्यावर बघू."

तो खरं बोलत होता. संध्याकाळच्या गाडीने मी जाणार आणि रात्र पडायच्या आत इथे दुसरं भोक पडणार.

"मॅडम गेल्या तरी मी हाय."

हा आवाज मी ओळखला. मवाळ, काळजीचा. गर्दीच्या कडेला पन्नाशीचे एक गृहस्थ उभे होते. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, धुळीने भरलेला चष्मा. माझा हात आपोआप सुनीताबाईंच्या दंडावर गेला.

"देवीदासशेठ?" शांताबाई म्हणाल्या. आपल्या नाकावरचा चष्मा त्यांनी चाचपला. तो याच शेठच्या चष्म्याच्या दुकानातला होता हे मला नंतर कळलं. "तुम्ही इथं कसे?"

"देवीदास नाय," ते म्हणाले. "डेव्हिड. रूबेन माझे पणजोबा. वडिलांनी लहानपणी एकदा आणलं होतं इथं. मग झुडपं वाढली आणि आम्ही बी येणं सोडलं." त्यांनी चष्मा काढला आणि तो पुसत बसले. पुसून झाला तरी पुसतच होते. "तुम्हाला पाणी पाहिजे हे मला कळतं. पण इथं भोक पाडायचं असलं तर मला विचारा. माझं दुकान तुम्हाला म्हाइतीच हाय."

उपरणंवाल्याने खाली बघितलं. मग रस्त्यावर टँकरचा हॉर्न वाजला आणि सगळी माणसं भांडी घेऊन तिकडे धावली. भांडण तिकडे सुरू झालं. माळावर आम्ही तिघंच उरलो.

"फोन तुम्ही केले," मी म्हटलं.

"व्हय." ते माझ्याकडे बघत नव्हते. "खरात मॅडम दुकानात भिंगाखाली अक्षरं बघायला आल्या होत्या. मी म्हटलं, मला वाचता येत नाय. खरंच येत नाय. पण आपली हायत ते कळलं. तुम्ही येणार हे त्यांनीच सांगितलं. त्यांच्या कागदावर तुमचा नंबर बी होता. लॉज आमच्या गल्लीसमोरच. मला वाटलं, तुम्ही पेपरात लिहिणार, मग लोक विचारणार, शहरात ज्यू कोण हाय. मुंबईच्या त्या अतिरेकी हल्ल्यात आपल्या लोकांचं काय झालं ते बघितलं ना? इथं मला सगळे देवीदास म्हणतात. कोणी कधी त्रास दिला नाय. मला तेच टिकवायचं होतं."

सुनीताबाई म्हणाल्या, "तुम्ही मला सांगायचं की हो."

"भीती वाटत होती."

"आता?"

"आता बी वाटते," ते म्हणाले.

दगडांपाशी म्हणायची प्रार्थना त्यांना येत नव्हती. लहानपणी आजी झोपताना डोळ्यांवर हात ठेवून म्हणायला लावायची तेवढी एक ओळ आठवत होती. ती आम्ही दोघांनी म्हटली. सुनीताबाई पदर घेऊन बाजूला उभ्या राहिल्या.

गाडीला वेळ होता. डेव्हिड मला दुकानावरच्या घरी घेऊन गेले. पलंगावर त्यांचे वडील पडून होते, एलिजाकाका, सुकलेले पण डोळे लखलखीत. मुलाने माळावरचं सगळं सांगितलं. त्यांनी ते शेवटपर्यंत ऐकलं. मग मला म्हणाले, "तू सभांचा अभ्यास करतेस म्हणे. मग मला एक सांग."

तरुणपणी ते मुंबईला मामाकडे राहात. सिनेगॉगमध्ये भांडण पेटलं, विश्वस्त हात वर करून निवडायचे की चिठ्ठ्या टाकून. ते चिठ्ठीवाले, मामा हातवाले. बोलणं इतकं वाढलं की ते रागाने इथे निघून आले आणि परत गेलेच नाहीत.

"शेवटी कोण जिंकलं?"

त्या भांडणावर मी एक अख्खं प्रकरण लिहिलं होतं. ते कोणी वाचलं असेल असं मला वाटत नाही.

"चिठ्ठीवाले," मी म्हटलं. "पण ठराव होईपर्यंत बरीच घरं इस्राएलला गेली होती. पहिल्या मतदानाला पेट्यांपेक्षा माणसं कमी, असं लोक म्हणायचे."

एलिजाकाका हसायला लागले. हसता हसता खोकला आला, मुलाने पाठ चोळली. "म्हणजे माझंच बरोबर होतं," ते म्हणाले आणि भिंतीकडे वळले. थोड्या वेळाने भिंतीकडे तोंड ठेवूनच त्यांनी विचारलं, "डेव्हिड, मला कुठं नेणार तू?" मुलाने त्यांच्या अंगावरची चादर वर ओढली.

परतीच्या गाडीत खिडकीबाहेर तोच मुलूख होता. मला वाटलं होतं, भीती आता उतरेल. ती उतरली नाही. तो उपरणंवाला तरुण आठवत होता आणि त्याची काही चूक आहे असंही वाटत नव्हतं. इतकी वर्षं मी मुकादमांवर, ठरावांवर, बहुमतावर लिहिलं. एकच माणूस उरला की समाजाचा कारभार कसा चालतो, हा प्रश्न मला सुचला नव्हता. तो त्या दिवशी समोर उभा होता, चष्मा पुसत.

ठाण्याला भाऊ घ्यायला आला होता. "घाबरलीस का?" त्याने विचारलं. मी हो म्हटलं.

पाऊस त्या वर्षी उशिरा पण बरा झाला. दिवाळीच्या आधी सुनीताबाईंचा फोन आला. एलिजाकाका गेले होते. डेव्हिडनी मुंबईला नेलं नाही, पालिकेची परवानगी काढून हर्सूललाच ठेवलं, रूबेन हसाजींच्या शेजारी.

"कोण कोण होतं?" मी विचारलं.

"त्यांचे ते एकटेच," सुनीताबाई म्हणाल्या. "बाकी आम्ही. खड्डा आमच्या वस्तीतल्या पोरांनी खणला. 'मॅडम गेल्यावर बघू' म्हणणारा होता ना, त्यानंच पहिली कुदळ मारली. माती ओली होती मॅडम. वेळ लागला नाही."